वडिलोपार्जित जमिनीची वाटणी: सातबाऱ्यावरच्या नावापासून वेगळ्या ताब्यापर्यंत

सातबाऱ्यावर नाव लागणे, हिस्सा ठरणे आणि त्या हिश्श्याचा वेगळा ताबा मिळणे या तीन निरनिराळ्या गोष्टी आहेत. पहिली तलाठ्याकडे होते (हुद्द्याचे नाव आता ग्राम महसूल अधिकारी). दुसरी वारसा कायद्याने किंवा आपसातल्या संमतीने ठरते. तिसरीला तहसील आणि मोजणी ऑफिस लागते, आणि भांडण असेल तर दिवाणी कोर्ट. या तिन्हींची सरमिसळ झाली की माणूस दहा वर्षे चुकीच्या दारात उभा राहतो. नाव लागले म्हणून नांगर घेऊन शेतात उतरणारा आणि नाव लागले नाही म्हणून हक्क गेला समजणारा, दोघेही चुकतात.

खालचे टप्पे महाराष्ट्रातल्या शेतजमिनीसाठी आहेत आणि हिश्श्यांची गणिते हिंदू वारसा कायदा, १९५६ प्रमाणे. हा कायदा बौद्ध, जैन आणि शीख कुटुंबांनाही लागतो. मुस्लिम आणि ख्रिश्चन कुटुंबांचे हिस्से वेगळ्या कायद्याने निघतात, पण तहसील आणि मोजणीचा रस्ता तोच. गोव्याची पद्धत मुळातच वेगळी आहे. तिथे २०१२ च्या वारसा कायद्याखाली कोर्टात ‘इन्व्हेंटरी’ चालते, सगळ्या मिळकतींची यादी होते, आणि मयताच्या जोडीदाराचा निम्मा वाटा सहसा आधीच बाजूला निघतो. गोव्यातली मिळकत असेल तर तिथलाच वकील बघा.

१. आधी वंशावळ, मग बाकी सगळे

ज्या पूर्वजाच्या नावावर जमीन आली तिथून सुरुवात करा आणि आजपर्यंतची प्रत्येक व्यक्ती कागदावर मांडा. नाव, जन्माचा आणि मृत्यूचा दिनांक, लग्न झाले की नाही, सध्याचा पत्ता. मृत्यूचा दिनांक सगळ्यांत महत्त्वाचा, कारण कोणता कायदा लागतो आणि कोण वारस ठरतो हे त्यावर अवलंबून असते.

हटकून विसरली जाणारी माणसे ही:

- आत्या, आणि आत्या वारल्या असतील तर त्यांची मुले
- मयताची आई. मुलगा आधी गेला आणि आई हयात असेल तर ती मुलांच्या बरोबरीची पहिल्या वर्गातली वारस असते
- आधी वारलेल्या भावाची विधवा आणि मुले
- पहिली बायको हयात असताना केलेल्या दुसऱ्या लग्नाची मुले. त्या दुसऱ्या बायकोला वारसाहक्क नाही, तिच्या मुलांना मात्र आई-वडिलांच्या हिश्श्यात आहे. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये हे पुन्हा स्पष्ट केले

एक नाव जरी सुटले तरी त्या माणसाच्या अर्जावर सगळी वाटणी उलटू शकते. वंशावळीच्या प्रतिज्ञापत्रात एखादे नाव मुद्दाम गाळणे हा तर फौजदारी गुन्हा होऊ शकतो. ‘बहिणीला काही नको आहे’ म्हणून तिचे नावच न लिहिणे ही यातली नेहमीची चूक. तिला नको असेल तर तिने हक्कसोड (आपला हिस्सा सोडल्याचा दस्त) द्यायचे असते. वंशावळीतून तिला पुसून टाकायचे नसते.

२. गोळा करायचे कागद

- प्रत्येक गटाचा चालू सातबारा आणि सर्व खातेदारांचा ८-अ (एका खात्यावरच्या सगळ्या जमिनींचा उतारा). डिजिटल सहीचा सातबारा महाभूमी पोर्टलवर १५ रुपयांत मिळतो आणि तो सरकारी कामाला चालतो
- जुने सातबारे, मागे जितके जाता येईल तितके
- सातबाऱ्यावर वर्तुळात छापलेले सगळे फेरफार क्रमांक (फेरफार म्हणजे हक्क बदलल्याची नोंद) आणि त्यांच्या नकला
- गटाचा नकाशा, पूर्वी मोजणी झाली असल्यास मोजणीची ‘क’ प्रत (हद्दी दाखवणारा मोजणीचा नकाशा)
- मृत्यूचे दाखले, वारसांचे आधार, पत्त्याचे पुरावे
- मूळ खरेदीखत, मृत्युपत्र, बक्षीसपत्र, जुने वाटणीपत्र, कोर्टाचा हुकूमनामा, यांतले जे असेल ते
- गावठाणातल्या घराचा ग्रामपंचायतीचा नमुना ८ चा उतारा, सिटी सर्व्हे झाला असेल तर मिळकत पत्रिका
- बँक किंवा विकास सोसायटीच्या कर्जाचा खातेउतारा

फेरफार नुसते गोळा करू नका, वाचा. जमीन आजोबांकडे खरेदीने आली, वडिलांकडून आली, कुळकायद्याने मिळाली की वतनाची होती, हे त्यातच कळते. सातबाऱ्यावर तीन जागी विशेष लक्ष द्या.

‘ए.कु.मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. थोरल्या भावाच्या नावापुढे हे असेल तर जमीन त्याच्या एकट्याची नाही. त्याच्या नावाआड बाकीचे हिस्सेदार आहेत. पुढच्या पिढीत ही तीन अक्षरे उताऱ्यावरून गळतात आणि चुलत्याची मुले ‘आमच्या बापाची जमीन’ म्हणू लागतात. म्हणून जुना उतारा हवा.

‘इतर हक्क’ हा रकाना. कित्येक गावांत बहिणींची नावे वर्षानुवर्षे कब्जेदार सदरी (मालकाच्या रकान्यात) न घेता इथे टाकली गेली. नाव इथे आहे म्हणून तिचा हक्क कमी होत नाही, पण वाटपाआधी ते वर आणून घ्या.

भोगवटादार वर्ग. वर्ग २ लिहिलेले असेल तर ती जमीन नवीन शर्तीची, कुळकायद्याची, वतनाची किंवा सरकारने दिलेली असू शकते. वाटणीला किंवा हस्तांतरणाला परवानगी लागते का, हे अर्जाआधी तहसीलमध्ये लेखी विचारा.

३. वारसनोंद

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १४९ प्रमाणे वारसाने हक्क आल्यापासून ३ महिन्यांत तलाठ्याला कळवायचे असते. अर्ज चावडीत देता येतो किंवा ई-हक्क प्रणालीतून ऑनलाइन. उशीर झाला म्हणून हक्क जात नाही, अर्ज आजही द्या. १ एप्रिल २०२५ पासून राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम राबवली गेली ती याचसाठी, कारण मयताच्या नावावर राहिलेले सातबारे असंख्य होते.

चक्र असे फिरते. वारसाचा तपशील आधी गाव नमुना ६-क मध्ये जातो, चौकशी होते, मग नमुना ६ मध्ये फेरफार धरला जातो. हितसंबंधितांना नोटीस निघते, हरकतीला १५ दिवस मिळतात. हरकत नसेल तर मंडळ अधिकारी, म्हणजे सर्कल, नोंद प्रमाणित करतात. हरकत आली तर प्रकरण तक्रारी नोंदवहीत (६-अ) जाते आणि सुनावणी होते. निर्णय पटला नाही तर ६० दिवसांत प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) अपील.

इथे एक सावधगिरी. फेरफारावरचे भांडण प्रांत, अपर जिल्हाधिकारी, आयुक्त असे वर वर नेता येते आणि लोक नेतातही. पण महसूल अधिकारी मालकी ठरवत नाही, तो नोंद ठेवतो. मृत्युपत्र खरे की खोटे, बहिणीचा हिस्सा किती, हे शेवटी दिवाणी कोर्टच ठरवते. खरा वाद हक्काचा असेल तर नोंदीच्या अपिलात चार वर्षे घालवून मग दावा लावण्यात काही अर्थ नाही.

आणखी एक. ‘वारस दाखला’ मागितला की बरेचजण कोर्टातून सक्सेशन सर्टिफिकेट आणतात. ते मयताचे येणे आणि रोखे यांच्यासाठी असते, जमिनीसाठी नाही. वारस कोण याचाच वाद असेल तर १८२७ च्या मुंबई रेग्युलेशनखाली मिळणारे वारस प्रमाणपत्र वेगळे. साध्या, वाद नसलेल्या वारसनोंदीला तहसीलच्या पातळीवर प्रतिज्ञापत्र आणि चौकशी सहसा पुरते.

४. हिस्सा काढणे

पहिला प्रश्न: जमीन वडिलांची स्वकष्टार्जित की वडिलोपार्जित?

स्वकष्टार्जित असेल आणि मृत्युपत्र नसेल तर गणित सोपे. आई, मुलगे, मुली यांना सारखे हिस्से. आधी वारलेल्या मुलाची शाखा मिळून एक हिस्सा. समजा ८ एकर जमीन आहे. मागे पत्नी, एक मुलगा, एक मुलगी, आणि आधी वारलेल्या मुलाची विधवा व दोन मुले. चार हिस्से, प्रत्येकी २ एकर. वारलेल्या मुलाच्या शाखेचे २ एकर म्हणजे ८० गुंठे तिघांत, म्हणजे प्रत्येकी २६ गुंठे आणि वर थोडे. आता मयताची आई हयात निघाली तर हिस्से पाच होतात आणि सगळेच आकडे बदलतात. म्हणूनच वंशावळ आधी.

वडिलोपार्जित एकत्र कुटुंबाच्या जमिनीत मयताच्या मृत्यूच्या आदल्या क्षणी वाटणी झाली असे धरतात, त्यात त्याचा जो हिस्सा येईल तो वारसांत वाटला जातो. महाराष्ट्रात बाप-मुलांच्या वाटणीत बायकोलाही मुलाइतका हिस्सा धरला जातो, हे परराज्यातल्या वकिलाकडून कधी कधी सुटते. शाखा वाढल्या, मधल्या पिढीत तीन मृत्यू झाले, की हे गणित घरी करू नका. वकिलाकडून हिश्श्याचा तक्ता अपूर्णांकांसह लेखी करून घ्या.

मुलींबद्दल तीन तारखा लक्षात ठेवा. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना सहदायाद (एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मानेच हिस्सेदार) केले, पण त्याआधी लग्न झालेल्यांना वगळून. ९ सप्टेंबर २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने तो फरक काढून टाकला. ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की हा हक्क जन्माने आहे, २००५ मध्ये वडील हयात असण्याची गरज नाही. अपवाद २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकमाने झालेल्या वाटणीचा. ‘आमची तोंडी वाटणी १९९० मध्येच झाली’ हे उत्तर आता सहजी चालत नाही. त्याला त्या काळातले सार्वजनिक कागद लागतात. भाऊ सोयीसाठी वेगवेगळे तुकडे कसत होते ही वहिवाट झाली, वाटणी नव्हे.

उलट बाजूचा गैरसमजही तितकाच पसरलेला आहे. ‘आजोबांची म्हणून माझीही’ हे नेहमी खरे नसते. आजोबांची स्वकष्टार्जित जमीन १९५६ नंतर वारसाने वडिलांकडे आली असेल तर ती वडिलांची स्वतंत्र मिळकत धरली जाते. वडील हयात असताना नातू त्यात वाटणी मागू शकत नाही. नवरा हयात असताना सुनेलाही सासऱ्याच्या जमिनीत स्वतंत्र हिस्सा नसतो.

५. रस्ता निवडा

सगळे राजी असतील तर दोन मार्ग. पहिला, संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदाराकडून वाटप. गावाकडे यालाच खातेफोड म्हणतात. महसूल अधिकाऱ्याने केलेल्या वाटपाला दुय्यम निबंधकाकडे नोंदणीची गरज नसते. दुसरा, नोंदणीकृत वाटणीपत्र. शेतजमिनीच्या वाटणीपत्राला मुद्रांक नाममात्र आहे. घर-प्लॉटसारख्या बिगरशेती मिळकतीला मात्र सर्वांत मोठा हिस्सा सोडून बाकीच्या हिश्श्यांच्या बाजारभावावर टक्केवारीने मुद्रांक लागतो. शेत आणि घर एकाच दस्तात घालण्याआधी त्याचा हिशेब करून घ्या.

कोणाला हिस्सा नको असेल तर हक्कसोडपत्र. त्यात लोक फार चुका करतात:

- ते नोंदणीकृतच हवे. नोटरी केलेल्या स्टॅम्पपेपरला काही किंमत नाही
- ते सहहिस्सेदाराच्याच नावे होते. बाहेरच्याला दिले तर ती विक्री किंवा बक्षीस ठरते आणि मुद्रांकही तसाच लागतो
- वडील हयात असताना त्यांच्या स्वकष्टार्जित जमिनीवरचा ‘पुढे मिळणारा’ हक्क सोडता येत नाही. मुलीच्या लग्नात घेतलेली अशी सही कोर्टात टिकत नाही
- वारसाने हिस्सा आलेल्या अज्ञान मुलाच्या वतीने आईने परस्पर हक्कसोड देऊ नये. जिल्हा न्यायालयाची परवानगी लागते
- ‘एका भावाच्या लाभात’ लिहिले तर तो हिस्सा त्याच्या एकट्याकडे जातो. सगळ्या भावांना द्यायचा असेल तर सगळ्यांची नावे लिहा

सही करणाऱ्या बहिणीने एवढे समजून घ्यावे की वारसनोंदीची संमती आणि हक्कसोड हे दोन वेगळे कागद आहेत. ‘नुसती नावे लावायची आहेत, ये’ असा निरोप आला आणि गाडी दुय्यम निबंधकाच्या ऑफिससमोर थांबली, तर सही करण्याआधी दस्त पूर्ण वाचून घ्या. वारसनोंदीसाठी निबंधकाकडे जावे लागत नाही.

एक जरी हिस्सेदार अडून बसला किंवा हक्काचा वाद घातला तर कलम ८५ चा मार्ग सहसा बंद होतो. तहसीलदाराला थांबावे लागते. मग टप्पा ९.

६. बांधावरची वाटणी

खरी भांडणे इथे होतात, कायद्याच्या कलमांवर नाही. अर्ज लिहिण्याआधी सगळ्यांनी शेतात जाऊन एक कच्चा नकाशा करावा.

तुकडेबंदी आधी तपासा. १९४७ च्या कायद्याने प्रमाणभूत क्षेत्राहून लहान तुकडा पाडायला बंदी आहे. ऑगस्ट २०२३ च्या अधिसूचनेने बहुतेक जिल्ह्यांत ही मर्यादा जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे आहे. शहरी हद्दीत नियम निराळे. म्हणजे १ एकर १० गुंठे जिरायत असेल तर ५० गुंठ्यांचे चार भाग साडेबारा गुंठ्यांचे होतात आणि ते चालत नाहीत. अशा वेळी दोघांनी २५-२५ गुंठे घेऊन बाकी दोघांना दुसऱ्या गटात जमीन किंवा पैसे द्यायचे, नाहीतर तो गट सामाईक ठेवायचा. नावे सामाईक राहायला तुकडेबंदीची आडकाठी नाही, आडकाठी तोडून वेगळे करायला आहे.

म्हणूनच प्रत्येक गटाचे चार-चार तुकडे करण्याचा हट्ट सोडा. चार गट असतील तर अखंड गट वाट्याला घालता येतात का ते बघा. मग प्रश्न येतो सरस-निरसचा. विहिरीजवळची काळी जमीन आणि माळावरची मुरमाड जमीन गुंठ्याला गुंठा वाटली तर ती वाटणी नव्हे. आपसात एक माप ठरवा, उदाहरणार्थ बागायती एक एकर बरोबर जिरायती दोन एकर, आणि ते लिहून ठेवा. गावाकडची जुनी रीत अजूनही उत्तम: एकाने वाटे पाडायचे आणि उचलायचा मान दुसऱ्याला द्यायचा, किंवा चिठ्ठ्या टाकायच्या. वाटे पाडणाऱ्याला कोणता वाटा आपल्याला येणार ते माहीत नसले की बांध बरोबर पडतो.

उताराचे रान असेल तर पट्टे कसे पाडायचे याचा विचार करा. वरून खाली पट्टे काढले तर प्रत्येकाला वरची हलकी आणि खालची भारी अशी दोन्ही जमीन मिळते, पण नांगरट उताराच्या दिशेने होते आणि माती वाहून जाते. आडवे पट्टे मातीला चांगले, मात्र वरचा भाऊ कोरडा राहतो. आडवे पाडायचे तर वरच्याला क्षेत्र जास्त द्या.

रस्ता. आत पडणाऱ्या तुकड्याला वाट ठेवा आणि ती सगळ्यांच्या क्षेत्रातून सारखी वजा करा. ट्रॅक्टर-ट्रॉलीला १२ फूट तरी हवेत. ३३० फूट लांब आणि १२ फूट रुंद वाट म्हणजे ३,९६० चौरस फूट, गुंठा १,०८९ चौरस फुटांचा, म्हणजे साडेतीन गुंठ्यांहून थोडे जास्त. एवढ्या साडेतीन गुंठ्यांसाठी आज कुरकुर केली की उद्या मामलेदार कोर्टात (तहसीलदारापुढे) रस्त्याचा दावा उभा राहतो आणि ऊस तोडणीविना उभा राहतो. वाट नकाशात दाखवा, रुंदी फुटांत लिहा. ‘पूर्वीच्या वहिवाटीप्रमाणे’ हे शब्द लिहू नका, भांडण त्यातच असते.

विहीर. विहीर कोणाच्या हद्दीत पडते यापेक्षा पाण्याचा हक्क कोणाला हे महत्त्वाचे. वाटपात लिहा: विहीर सामाईक, प्रत्येकाचा हिस्सा किती, पाळी कशी, गाळ काढणे आणि मोटार दुरुस्तीचा खर्च कोण किती करणार, एकाच्या रानातून दुसऱ्याची पाइपलाइन कोठून जाणार. पाळी ‘सकाळी ६ ते १२’ अशी घड्याळाने लावली की फसते, कारण शेतीची थ्री-फेज वीज एका आठवड्यात दिवसा येते आणि दुसऱ्या आठवड्यात रात्री. एका भावाच्या वाट्याला मग कायम अंधारातले पाणी किंवा बंद मोटार येते. पाळी दिवसाने किंवा विजेच्या तासांनी लावा आणि आठवड्याला फिरवा. वीजजोड एकाच्याच नावावर असतो, बिल थकले की सगळ्यांचे पाणी तुटते, हेही ठरवून घ्या.

उरलेले पटकन: बांधावरची झाडे, गोठा, कांदाचाळ, ठिबकचा संच, पोटखराबा (लागवडीला न येणारे क्षेत्र), उभे पीक कोण काढणार. आणि कर्ज. सोसायटीचा बोजा संपूर्ण गटावर असेल तर एका भावाचे कर्ज चौघांच्या सातबाऱ्यावर जाते. फेडून टाका, नाहीतर बँकेची ना हरकत घेऊन कोणाच्या हिश्श्यावर बोजा राहील ते लिहा.

७. कलम ८५ चा अर्ज

अर्ज तहसीलदारांच्या नावे, सर्व सहधारकांच्या सहीने. सोबत टप्पा २ मधले कागद, वंशावळीचे प्रतिज्ञापत्र, वाटपाचा तक्ता (गट, क्षेत्र हेक्टर-आरमध्ये, आकारणी, चतुःसीमा, कोणाला) आणि कच्चा नकाशा. तक्त्यातल्या क्षेत्रांची बेरीज सातबाऱ्याच्या क्षेत्राशी आरपर्यंत जुळली पाहिजे, पोटखराब्यासह. अर्ज परत येण्याचे हे सर्वांत क्षुल्लक आणि सर्वांत नेहमीचे कारण.

नोटिसा निघतात, प्रत्येकाचा जबाब घेतला जातो, चौकशीनंतर आदेश होतो आणि तो तलाठ्याकडे फेरफारासाठी जातो. जबाबाच्या दिवशी सगळे हजर राहतील अशी तारीख बघा. परदेशातल्या भावंडासाठी कुलमुखत्यारपत्र लागेल. तिकडे ते वकिलातीत साक्षांकित किंवा अपॉस्टिल करून घ्यावे, आणि भारतात आल्यापासून ३ महिन्यांच्या आत त्यावर इथला मुद्रांक भरावा. ही मुदत गेली की दंडाचे प्रकरण होते. ‘सर्व व्यवहार करण्यासाठी’ असे मोघम पत्र नको, गट क्रमांक आणि वाटपाचा अधिकार स्पष्ट हवा.

८. मोजणी आणि फोड

आदेशाने सातबारे वेगळे झाले तरी नकाशा एकच राहतो. पोटहिस्स्याची मोजणी होऊन फाळणी नकाशा आणि आकारफोड (हिश्श्यांप्रमाणे साऱ्याची विभागणी) तयार झाली नाही, तर तुमचे २ एकर कागदावर आहेत, जमिनीवर कुठेही नाहीत. तालुक्याच्या उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयाकडे ई-मोजणीतून अर्ज करा. शुल्क क्षेत्रावर आणि नियमित की द्रुतगती यावर ठरते.

मोजणीच्या दिवशी लगतच्या खातेदारांना नोटीस पोहोचलेली असावी. उंच पीक उभे असेल तर मोजणी नीट होत नाही, म्हणून पीक निघाल्यावरची तारीख घ्या. दाखवलेल्या खुणांवर त्याच दिवशी दगड किंवा सिमेंटचे खांब पुरा. चुन्याची रेघ पहिल्या पावसात जाते. क्षेत्र दोन-चार आर कमी भरले तर घाबरू नका, जुन्या उताऱ्यात आणि जागेवर असा फरक निघतो. तो सर्वांनी प्रमाणात सोसायचा असे वाटपाच्या तक्त्यातच लिहून ठेवलेले बरे.

९. संमती होत नसेल तर दावा

दिवाणी कोर्टात ‘वाटणी आणि स्वतंत्र ताबा’ असा दावा लावायचा. आधी नोटीस देणे सक्तीचे नाही, पण वाटणी मागितली आणि नाकारली याचा तो पुरावा होतो.

सर्व हिस्सेदार पक्षकार करा आणि सर्व सामाईक मिळकती दाव्यात घाला, तुमच्या ताब्यातली धरून. आपल्याकडचे घर वगळून भावाकडच्या शेताची वाटणी मागितली की अर्धवट वाटणीचा मुद्दा उपस्थित होतो आणि दावा अडतो.

सहहिस्सेदारांत एकाचा ताबा तो सगळ्यांचा ताबा, म्हणून नुसता काळ गेल्याने हक्क बुडत नाही. पण तुम्हाला हक्कातून उघडपणे बाहेर काढले हे कळल्यापासून १२ वर्षांची मुदत चालू होते. ‘तुझा इथे काही संबंध नाही’ असे लेखी उत्तर आले असेल तर ती तारीख जपून ठेवा.

महाराष्ट्रात १९९४ पासून मिळकतीच्या वादात महिलांना कोर्ट फी माफ आहे. शिवाय महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती वगैरेंना तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो.

दावा लावला त्याच आठवड्यात दोन कामे करा. एक, जमीन विकू नये म्हणून तात्पुरत्या मनाईचा अर्ज. दुसरे काम बहुतेकांचे राहते: दाव्याची नोटीस, म्हणजे लिस पेंडन्स, दुय्यम निबंधकाकडे नोंदवणे. दावा चालू असताना झालेली विक्री दाव्याच्या निकालाला बांधील असते, हे देशभर आहे. महाराष्ट्रात मात्र मुंबई दुरुस्तीमुळे त्यासाठी ही नोटीस नोंदवलेली असावी लागते. नोंदवली नाही तर खरेदीदार ‘मला माहीत नव्हते’ म्हणायला मोकळा.

भावाने अविभक्त हिस्सा आधीच विकला असेल तर त्या खरेदीदाराला विशिष्ट तुकड्याचा ताबा मागता येत नाही, त्यालाही वाटणीचाच दावा लावावा लागतो. राहत्या घरातला हिस्सा परक्याने घेतला असेल आणि त्याने वाटणी मागितली, तर १८९३ च्या वाटणी कायद्याच्या कलम ४ ने कुटुंबाला तो हिस्सा विकत घेण्याची संधी आहे.

निकाल दोन टप्प्यांत लागतो. प्राथमिक हुकूमनामा हिस्से ठरवतो, एवढेच. पुढे घरांसाठी कोर्ट कमिशनर नेमला जातो, आणि शेतसाऱ्याच्या जमिनीसाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे हुकूम जिल्हाधिकाऱ्याकडे जातो. तिथून तहसील, मोजणी, वाटप, ताबा. प्राथमिक हुकूमनामा हाती पडला की पेढे वाटून फाईल कपाटात ठेवणारे पुष्कळ आहेत. अंतिम हुकूमनाम्याच्या अर्जाला मुदतीचे बंधन नाही, पण दरम्यान माणसे मरतात, नवे वारस आणावे लागतात आणि सगळे पुन्हा लांबते. अंतिम हुकूमनामा मुद्रांकावर उतरवावा लागतो, तो खर्च धरून चला.

मध्येच तडजोड झाली तर लोकअदालतीत करा. तिथल्या निवाड्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. फक्त दाव्यात नसलेली मिळकत तडजोडीत घुसवली तर तेवढ्या भागाला नोंदणी लागते.

१०. घर आणि फ्लॅट

राहत्या घरात मुलींना वाटणी मागता येत नाही ही जुनी तरतूद २००५ मध्ये रद्द झाली, तरी गावोगाव ती अजून सांगितली जाते. घराच्या भिंती वाटता येत नसतील तर एकाने घेऊन बाकीच्यांना पैसे देणे किंवा विकून पैसे वाटणे हेच मार्ग उरतात. मूल्यांकन तिसऱ्या माणसाकडून करून घ्या. घरपट्टीचा उतारा हा कर भरल्याचा कागद आहे, मालकीचा नव्हे. सोसायटीतल्या फ्लॅटच्या नॉमिनीचेही तसेच. सोसायटी त्याला तात्पुरता सदस्य करून घेईल, पण फ्लॅट वारसांचाच राहतो.

११. वाटप झाल्यावर

नवा सातबारा आणि ८-अ काढून नाव, क्षेत्र, आकारणी, इतर हक्क ताडून बघा. लेखनातली चूक असेल तर कलम १५५ खाली तहसीलदाराकडे दुरुस्ती अर्ज द्या. ई-पीक पाहणी पुढच्या हंगामापासून स्वतःच्या गटहिश्श्यावर करा. वीजजोड, ठिबक अनुदान, पीककर्ज आणि पीएम-किसान यांच्या नोंदी नव्या खात्याशी जोडा. मोजणीची ‘क’ प्रत, तहसीलदाराचा आदेश आणि प्रमाणित फेरफार यांच्या दोन-दोन साक्षांकित नकला करून एक संच दुसऱ्या हिस्सेदाराच्या घरी ठेवा.